आधी माणसं गाठ, कॅमेरा नंतर

अरे, नागपुरात बसून विमानांच्या इतिहासावर माहितीपट कसे करायचे, असं विचारतोस? १९४९ साली रात्रीची टपाल विमानसेवा सुरू झाली, तेव्हा मुंबई, दिल्ली, कलकत्ता आणि मद्रासहून निघालेली विमानं मध्यरात्री आपल्या सोनेगाव विमानतळावरच जमायची. टपालाच्या थैल्यांची अदलाबदल करून पहाटेपर्यंत परतायची. तुझा विषय घराजवळच आहे, बाप्पा.

त्या सेवेतले जे मेकॅनिक, टपाल कर्मचारी आज हयात आहेत, ते खूप म्हातारे झालेत. त्यांना आधी भेट. भेटायला जाशील तेव्हा कूलर आणि पंखा बंद करायला सांग, मे महिना असला तरी. एका काकांकडे मी भिडेपोटी गप्प बसलो होतो. दोन तासांच्या मुलाखतीत कूलरचीच घरघर आली आणि पुढच्या भेटीआधी काका गेले. ते अजूनही मनाला लागतं.

आठवणीतली तारीख तशीच वापरू नकोस. वैमानिकाची लॉगबुक माग: तारीख, विमानाचा क्रमांक, कुठून कुठे, किती तास, सगळं रकान्यात लिहिलेलं असतं. फोटोची मागची बाजूही स्कॅन कर, स्टुडिओचा शिक्का तिथेच सापडतो. शेपटीजवळ ‘व्हीटी’ने सुरू होणारी अक्षरं दिसली तर ते नागरी विमान, घरचे ‘वायुसेनेचं’ म्हणाले तरी आधी तपास.

धावपट्टीजवळ परवानगीशिवाय शूटिंग नकोच, तिथे वायुसेनाही आहे. आणि पोटापाण्यासाठी सुरुवातीला दुसरं काम धर. एडिटिंग शिकलास तर उत्तम, तेच इथेही लागतं.