सरकारी कार्यालयाने बिल उशिरा दिलं, तर लहान पुरवठादाराला व्याज मागता येतं का?

तुमचा प्रश्न असा आहे: 2023 मध्ये एका शासकीय वसतिगृहाला लोखंडी कॉट पुरवले, मुद्दल चौदा महिन्यांनी मिळालं, वर्क ऑर्डरमध्ये 'विलंबाबद्दल व्याज देय नाही' असं छापलंय, तरी व्याज मागता येईल का, आणि मागितलं तर पुढची कामं बंद होतील का?

मागता येतं. माझं कुपवाड एमआयडीसीत स्टील फर्निचरचं छोटं युनिट आहे आणि मी हे व्याज एका सरकारी कार्यालयाकडून वसूल केलंय, म्हणून एवढ्या ठामपणे सांगतोय.

आधार आहे 2006 चा एमएसएमईडी कायदा, म्हणजे सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योगांसाठीचा केंद्राचा कायदा. त्याचं कलम 15 सांगतं की लेखी करार असला तरी पैसे देण्याची मुदत माल स्वीकारल्यापासून 45 दिवसांपेक्षा जास्त ठेवता येत नाही. मुदत ठरलेलीच नसेल, तर 15 दिवस. त्यापुढे कलम 16 लागू होतं: रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ. 'करारात काहीही लिहिलेलं असलं तरी' हे शब्द त्या कलमातच आहेत, त्यामुळे तुमच्या ऑर्डरमधली ती छापील ओळ आड येत नाही. 'ग्रँट आली नव्हती' हे उत्तर मलाही मिळालं होतं. ग्रँट आली नाही म्हणून व्याज माफ, अशी सूट कायद्यात कुठेही नाही.

रक्कम किती होते ते बघा. 2023-24 मध्ये बँक रेट 6.75 टक्के होता, म्हणजे व्याज वर्षाला 20.25 टक्के. चार लाखांच्या बिलावर पहिल्या महिन्याचे 6,750 रुपये, दुसऱ्या महिन्यात त्या 6,750 वरही व्याज, आणि वर्ष भरतं तेव्हा सुमारे 89 हजार. हा आकडा बघून अधिकारी दचकतात. पण त्याच वर्षभरात पाइपवाल्याची उधारी, पावडर कोटिंगचं बिल, बँकेच्या सीसीचं (कॅश क्रेडिट कर्जाचं) व्याज आपण भरलेलं असतं. जीएसटी तर पैसे हातात यायच्या आधीच पुढच्या महिन्याच्या 20 तारखेला गेलेला असतो. 89 हजार मागताना संकोच करू नका.

आता खरा मुद्दा. हा दावा जिंकायचा की हरायचा, ते कागदावरच्या तारखा ठरवतात.

पहिली तारीख उद्यम नोंदणीची, म्हणजे लहान उद्योग म्हणून केंद्र सरकारकडे केलेल्या ऑनलाइन नोंदणीची. 2021 मध्ये सिल्पी इंडस्ट्रीजच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की पुरवठा झाल्यावर नोंदणी करून मागच्या पुरवठ्यासाठी हा लाभ घेता येत नाही. हा प्रश्न 2025 च्या जानेवारीत मोठ्या पीठाकडे पाठवला गेलाय, पण ऑर्डरच्या आधीची नोंदणी हाती असेल तर हा वादच उद्भवत नाही. नोंदणी सूक्ष्म किंवा लघु म्हणून हवी. मध्यम उद्योगाला हे व्याज नाही. कॉट तुम्ही स्वतः बनवता ना? दुसऱ्याकडून घेऊन विकले असतील तर अडचण आहे, कारण व्यापाऱ्यांची उद्यम नोंदणी केवळ अग्रक्रम क्षेत्रातल्या (बँकांनी प्राधान्याने द्यायच्या) कर्जापुरती आहे. बांधकामासारख्या कामाच्या कंत्राटांनाही मुंबई उच्च न्यायालयाने या कायद्याबाहेर ठेवलंय.

दुसरी तारीख माल पोचल्याची. पोचल्यापासून 15 दिवसांत लेखी हरकत आली नाही, तर पोचला त्याच दिवशी स्वीकारला असं कायदा धरतो. म्हणून चलनावर सही, शिक्का आणि आवक क्रमांक हवाच. माझ्या प्रकरणात कार्यालयाने सुनावणीत सांगितलं की वेल्डिंग खराब होतं. मी आवक शिक्क्याचं चलन पुढे केलं आणि त्यानंतरच्या 15 दिवसांत एकही पत्र आलं नव्हतं हे दाखवलं. तो मुद्दा तिथेच संपला.

मुद्दल घेताना 'कोणतीही मागणी शिल्लक नाही' अशा दाखल्यावर सही केलीत का? केली असेल तर वकिलाला आधी तो कागद दाखवा. नसेल तर आजच लेखी पत्र द्या, सोबत व्याजाचा महिनावार तक्ता जोडा आणि पोच घ्या. उत्तर आलं नाही, तर उद्यम क्रमांक आणि वर्क ऑर्डरसह फॅसिलिटेशन कौन्सिलकडे (थकलेल्या बिलांचे वाद सोडवायला याच कायद्याखाली राज्य सरकारने नेमलेलं मंडळ) ऑनलाइन अर्ज करा. कौन्सिल आधी तडजोड घडवायचा प्रयत्न करते, जमलं नाही तर लवादाची सुनावणी होते. कायद्यात 90 दिवस लिहिलेत. मला सव्वा वर्ष लागलं आणि पुण्याच्या सात खेपा झाल्या. पण निवाडा लागल्यावर त्याला आव्हान द्यायचं तर खरेदीदाराला आधी 75 टक्के रक्कम न्यायालयात भरावी लागते. माझ्या मते या कायद्याचा सगळा जोर त्या 75 टक्क्यांत आहे. माझ्या समोरचं कार्यालय अपिलात गेलं नाही. आणि तीन वर्षं उलटू देऊ नका. लवादाच्या टप्प्यावर मुदतीचा कायदा लागतो.

पुढची कामं बंद होण्याची भीती मलाही होती. बायकोने तर स्पष्ट विचारलं होतं, 'एवढ्या पैशासाठी कायमचं गिऱ्हाईक तोडणार का?' एक लिपिक वर्षभर माझ्याशी बोलला नाही, हे खरं आहे. पण दुसऱ्या वर्षी त्याच कार्यालयाची बिड जेमवर (सरकारी खरेदीच्या ऑनलाइन पोर्टलवर) आली, मी दर भरला, माझा दर सर्वांत कमी निघाला आणि ऑर्डर मला मिळाली. त्या वेळचं बिल सदतीस दिवसांत जमा झालं. जिथे तोंडओळखीवर कोटेशन मागवून छोटी खरेदी होते, तिथे मात्र तुम्हाला टाळलं जाऊ शकतं. तुमचा किती धंदा तशा खरेदीवर चालतो, ते मोजून ठरवा.

उद्यमची तारीख, चलनावरच्या शिक्क्याची तारीख आणि मुद्दल जमा झाल्याची तारीख खाली लिहा. व्याजाचा तक्ता कसा मांडायचा ते मी करून दाखवतो.