‘मी गेलो’ की ‘मी गेले’? वाचकांच्या पत्रांना उत्तरं

या खेपेला जपानी आणि अमेरिकन पुस्तकांवरची पत्रं बरीच आली, सगळी घेता येणार नाहीत म्हणून चार निवडलीत. एका पत्राचं उत्तर लांबलंय, पण ते लांबायलाच हवं होतं.

प्रश्न : ताई, सायाका मुराता यांची ‘कन्व्हिनियन्स स्टोअर वुमन’ इंग्रजीतून वाचली. मला ती सरळसरळ बाईच्या कोंडीची कादंबरी वाटली, म्हणजे छत्तीस वर्षांची झाली, लग्न नाही, धड नोकरी नाही, म्हणून सगळे मागे लागतात. माझा मित्र म्हणतो की बाई-पुरुष हा मुद्दाच नाही, ती माणसांत न बसणाऱ्या माणसाची गोष्ट आहे. कोण बरोबर?

उत्तर : दोघंही, आणि गंमत अशी की तुम्ही इंग्रजी नाव वाचलंत आणि तुमच्या मित्रानं न कळत जपानी नाव वाचलं. मूळ नाव ‘कोन्बिनी निन्गेन’. कोन्बिनी म्हणजे कन्व्हिनियन्स स्टोअर आणि निन्गेन म्हणजे माणूस, त्यात बाई कुठेच नाही. 2016 साली पुस्तकाला आकुतागावा पुरस्कार मिळाला आणि 2018 मध्ये इंग्रजीत येताना ‘माणूस’ची ‘वुमन’ झाली. पुस्तक खपायला त्याचा उपयोग झालाही असेल, पण त्या एका शब्दानं वाचकाला आधीच सांगून टाकलं की याकडे कुठून बघायचं. आपल्याकडे ‘बाईमाणूस’ म्हणतात ना, म्हणजे नुसतं माणूस म्हटलं की पुरुष आणि बाई असेल तर वेगळं सांगायचं, तसंच काहीसं झालंय.

आता पुस्तकात बघा. नायिका केइको लहान असते तेव्हा बागेत एक मेलेला पक्षी सापडतो, बाकीची मुलं रडतात आणि ही आईला म्हणते की घरी नेऊन भाजून खाऊया, बाबांना आवडतं. तिथे ती मुलगी म्हणून चुकत नाहीये, माणूस म्हणून चुकतेय. मग दुकानात कामाला लागते, अठरा वर्षं तिथेच काढते, सहकाऱ्यांची बोलण्याची ढब, त्यांच्या लकबी उचलून स्वतःचा आवाज तयार करते आणि तिचं बरं चाललेलं असतं. बाईपण तिच्यावर बाहेरून येऊन पडतं. शिराहा नावाचा पुरुष तिच्या घरी राहतो हे कळल्यावर दुकानातले सगळे आपापली कामं सोडून त्याच चर्चेत रंगतात, आणि तिला वाटतं आपण इतकी वर्षं दुकानाची कर्मचारी होतो, यांनी आपल्याला खाली उतरवून नुसती मादी करून टाकलं. मला विचाराल तर त्या कादंबरीतला सगळ्यात दुखरा क्षण हाच. तुमचा मुद्दा इथे सुरू होतो, पण तुमच्या मित्राच्या मुद्द्यावर उभा राहूनच.

प्रश्न : मी हौस म्हणून जपानी कथा इंग्रजीवरून मराठीत आणतो. एका कथेत निवेदक ‘आय’ आहे आणि तो पुरुष की बाई हे तीन पानं कळतच नाही. मराठीत पहिल्याच वाक्याला अडलो, ‘मी गेलो’ लिहू की ‘मी गेले’? इंग्रजीत हा प्रश्न येत नाही, मग जपानीत येतो का?

उत्तर : हे पत्र वाचून इतकं बरं वाटलं, कारण मी स्वतः याच दगडाला ठेचकाळलेय. भाचीला एक जपानी गोष्ट तोंडी सांगत होते आणि ‘मग मी तिथून निघालो’ असं बोलून गेले, पुढे कळलं की सांगणारी मुलगी आहे, भाची म्हणाली मावशी मग आधी खोटं का सांगितलंस. खोटं नव्हतं सांगितलं, मराठीनं मला न निवडण्याची सोयच ठेवली नव्हती.

तीन भाषांत तीन तऱ्हा आहेत. इंग्रजीत ‘आय’ला लिंग नाही आणि क्रियापदालाही नाही, म्हणून निवेदक हवा तितका वेळ लपून राहू शकतो. जपानीत क्रियापदाला लिंग नाही, पण ‘मी’साठी शब्दच ढीगभर. ‘वाताशी’ बाई-पुरुष दोघांनाही चालतो, जरा औपचारिक. ‘बोकु’ मुलगे आणि मवाळ पुरुष वापरतात, ‘ओरे’ रांगडा, ‘आताशी’ बायकी, ‘वाशी’ म्हाताऱ्याच्या तोंडी. म्हणजे जपानी माणूस ‘मी’ म्हणतानाच सांगतो की मी कोण आहे, निदान मला कोण म्हणून ओळखावं. मुलीनं ‘बोकु’ म्हटलं तर ऐकणाऱ्याचे कान टवकारतात. आणि जपानीत कर्ता गाळता येतो, तो सरळ गाळून टाकला की काहीच कळत नाही. नात्सुमे सोसेकींची 1905 साली सुरू झालेली मांजराची कादंबरी घ्या, तिथे मांजर स्वतःला ‘वागाहाइ’ म्हणतं, हा मोठ्या हुद्द्यावरच्या पुरुषांचा भारदस्त ‘मी’, आणि बोलतंय कोण तर बेवारस मांजर. इंग्रजी नावात, ‘आय अॅम अ कॅट’मध्ये, फक्त ‘आय’ उरतो, अर्धी मजा तिथेच गेली.

पण माझं सगळ्यात आवडतं उदाहरण त्याहून हजार वर्षं जुनं आहे. कि नो त्सुरायुकी नावाचा कवी तोसा प्रांताचा राज्यपाल होता, मुदत संपल्यावर राजधानीला परतला त्या समुद्रप्रवासाची त्यानं साधारण 935 च्या सुमारास रोजनिशी लिहिली, ‘तोसा निक्की’. त्या काळी पुरुष रोजनिशी लिहायचे ती चिनीत, कामाची नोंद म्हणून. जपानी कानालिपीला ‘ओन्नादे’, म्हणजे बायकांचं हस्ताक्षर, म्हणत. त्सुरायुकीनं कानालिपीत लिहायचं ठरवलं आणि त्यासाठी बाई झाला. पहिलंच वाक्य साधारण असं आहे की पुरुष लिहितात म्हणे ती रोजनिशी, बाईनंही लिहून पाहावी म्हणून लिहितेय. बघा, मी ‘लिहितेय’ लिहिलं आणि क्रियापदातच बाई झाली. जपानी क्रियापदाला ते करता येत नाही, म्हणून त्याला ‘बाई’ हा शब्द मुद्दाम घालावा लागला.

त्यानं हे का केलं यावर अभ्यासक खूप लिहितात, मला एकच कारण पटतं. तोसात असताना त्सुरायुकीची लहान मुलगी वारली होती. येताना बरोबर होती, जाताना नाही. रोजनिशीत ते दुःख परत परत वर येतं, घरी पोचल्यावरही येतं. सरकारी पुरुषाच्या चिनी नोंदीत असं रडायला जागा नव्हती, बाईच्या लिपीत होती. म्हणजे लिंग बदलल्यावर त्याला दुसरं काही नाही, दुःख करायची भाषा मिळाली. जेंडरवर ढीगभर सिद्धान्त वाचले तरी मी फिरून या एका वाक्याशी येते.

आता अमेरिकेतली उलटी अडचण सांगते. उर्सुला ले ग्विन यांची ‘द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस’, 1969. त्यातल्या गेथेन ग्रहावरच्या माणसांना कायमचं लिंगच नाही, महिन्यातले थोडे दिवस ती बाई किंवा पुरुष होतात, आणि आज जो कुणाचा बाप तो उद्या कुणाची आई होऊ शकतो. तिथलं ‘राजा गरोदर होता’ हे वाक्य गाजलेलं आहे. पण ले ग्विन यांनी त्या सगळ्यांसाठी इंग्रजीतलं ‘ही’ (he), म्हणजे पुल्लिंगी ‘तो’, वापरलं, त्यामुळे वाचकाला सगळे पुरुषच दिसत राहिले. 1976 च्या निबंधात त्यांनी त्या निवडीची बाजू घेतली, आणि 1987 मध्ये त्याच निबंधावर नव्यानं टिपणं लिहून आपलं चुकलं असं मान्य केलं. जुना मजकूर तसाच ठेवून शेजारी नवं लिहिलं, खोडलं नाही. लेखकानं इतक्या उघडपणे स्वतःशी वाद घातलेला मी फार कमी वेळा पाहिलाय.

तर तुमच्या कथेचं काय करायचं? मराठी वाटते तितकी आडमुठी नाही. ‘मी दार उघडलं’, ‘मी पत्र वाचलं’, ‘मी त्याला पाहिलं’ यात क्रियापद दाराच्या नाहीतर पत्राच्या मागे जातं, बोलणाऱ्याचं लिंग कळत नाही. ‘मला वाटलं’, ‘मला दिसलं’ चालतं. ‘मी जाईन’ चालतं, ‘मी रोज तिथे जात असे’ पण चालतं. घात होतो तो जाणं, येणं, बसणं, म्हणणं यांच्या भूतकाळात, आणि ‘जातोय-जातेय’मध्ये. तीन पानं हे टाळून लिहून बघा, भाषा जरा ताठ होईल पण निभेल. आणि त्याआधी जपानी येणाऱ्या कुणाला तरी मूळ कथा दाखवून एवढंच विचारा की निवेदक ‘मी’ला काय म्हणतो. ‘बोकु’ असेल तर ते लिंग लपलेलं नव्हतंच, इंग्रजीनं लपवलं, आणि मग निर्धास्त ‘मी गेलो’ लिहा.

प्रश्न : आमचे एक सर म्हणतात की जेंडर वगैरे अमेरिकन चष्मा आहे, तो जपानी साहित्याला लावू नये. खरं आहे का?

उत्तर : अर्धं. अमेरिकेत 1990 च्या आसपास तयार झालेली परिभाषा घेऊन हजार वर्षांपूर्वीच्या पुस्तकावर शिक्के मारत सुटलं तर पुस्तक दिसत नाही, शिक्केच दिसतात, इथे सर बरोबर आहेत. पण विषय जपानचा स्वतःचा आहे. ‘तोरिकाएबाया मोनोगातारी’ या जुन्या कथेत भाऊ मुलगी म्हणून वाढतो आणि बहीण मुलगा म्हणून, दोघंही दरबारात तशीच वावरतात, ही हेइआन काळाच्या उत्तरार्धातली, म्हणजे साधारण बाराव्या शतकातली, गोष्ट आहे, तेव्हा अमेरिका नावाचा देश नव्हता. 1911 च्या ‘सेइतो’ या बायकांच्या मासिकाचं नाव मात्र इंग्लंडातल्या ‘ब्लूस्टॉकिंग’ या शिकल्या-सवरल्या बायकांच्या मंडळावरून घेतलेलं, आणि पहिल्याच अंकात हिरात्सुका राइचो लिहितात की आरंभी स्त्री सूर्य होती, आता ती दुसऱ्याच्या उजेडावर जगणारा चंद्र झालीय. नाव बाहेरचं आणि सूर्य घरचा.

आणि सरांना ‘दानर्‍यू बुन्गाकु रोन’ या पुस्तकाबद्दल जरूर सांगा. जपानीत बायकांच्या लेखनाला ‘जोर्‍यू बुन्गाकु’, म्हणजे स्त्री-प्रवाहातलं साहित्य, म्हणायची पद्धत होती आणि पुरुषांच्या लेखनाला नुसतं साहित्य. 1992 मध्ये उएनो चिझुको, ओगुरा चिकाको आणि तोमिओका ताएको या तिघींनी ‘पुरुष-प्रवाहातलं साहित्य’ असा शब्द करून तानिझाकी, मिशिमा, मुराकामी अशा सहा लेखकांवर चर्चेचं पुस्तकच काढलं. त्यातली काही मतं मला टोकाची वाटतात, तानिझाकींच्या बाबतीत तर फारच, पण ते नाव वाचल्यावर जुनं नाव पहिल्यासारखं वापरता येत नाही.

प्रश्न : जॉन ओकाडा यांची ‘नो-नो बॉय’ जपानी साहित्यात धरायची की अमेरिकन? आणि त्यात बायका नुसत्या ओझं म्हणून येतात असं मला वाटलं, चुकतेय का मी?

उत्तर : पुस्तक अमेरिकन आहे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. इंग्रजीत लिहिलंय, सिएटलमध्ये घडतं, आणि त्यातला प्रश्नच मुळी अमेरिकेनं विचारलेला आहे. फेब्रुवारी 1942 च्या सरकारी आदेशानंतर पश्चिम किनाऱ्यावरच्या जवळजवळ 1,20,000 जपानी वंशाच्या लोकांना छावण्यांत डांबलं, त्यातले बहुतेक जन्मानं अमेरिकन नागरिक होते. 1943 मध्ये त्यांच्यापुढे एक फॉर्म ठेवला. 27 वा प्रश्न, सांगितलं जाईल तिथे सैन्यात लढाल का. 28 वा, जपानच्या सम्राटावरची निष्ठा सोडून अमेरिकेशी एकनिष्ठ राहाल का. दोन्हींना ‘नाही’ म्हणणारे ते नो-नो. कादंबरीतला इचिरो छावणीत दोन वर्षं आणि तुरुंगात दोन वर्षं काढून घरी येतो, आणि कुणालाच तो नकोय.

बायकांबद्दल तुम्ही चुकत नाही आहात. इचिरोची आई जपान युद्ध जिंकलाय असंच धरून बसलेली, जहाज न्यायला येणार म्हणणारी, तिला लेखकानं जवळजवळ दगड केलंय. 1957 चं हे पुस्तक मला फार मोलाचं वाटतं, पण त्या आईच्या आत लेखक शिरत नाही ही त्याची उणीव आहे. आणि तो फॉर्म बायकांनाही भरावा लागला होता, त्यांच्या फॉर्मवर 27 व्या जागी सैन्यातल्या परिचारिका दलात किंवा महिला दलात याल का असं विचारलं होतं. ती बाजू कादंबरीत येत नाही.

म्हणून त्याच्या शेजारी जपानी-अमेरिकन लेखिका हिसाये यामामोतो यांची 1949 ची ‘सेव्हन्टीन सिलेबल्स’ ही कथा ठेवून वाचा, लहानशी आहे. सुरुवातीला आई मुलीला, रोझीला, आपली नवी हायकू वाचून दाखवते. रोझीला जपानी धड कळत नाही, समजावून सांगायचं म्हणजे शब्द शोधत बसा, त्यापेक्षा मनात नाही असलं तरी ‘हो हो’ म्हणणं सोपं. इचिरोचं ‘नाही नाही’ सगळ्यांना माहीत असतं, रोझीच्या या ‘हो हो’बद्दल तितकं बोललं जात नाही, मला मात्र ही दोन उत्तरं एकमेकांची भावंडं वाटतात. दोघांनाही असा प्रश्न पडलाय ज्याचं खरं उत्तर द्यायला त्यांच्याजवळ भाषा नाही.

आई दिवसा शेतात टोमॅटो तोडते आणि रात्री उमे हानाझोनो या टोपणनावानं कविता करते. जपानी वर्तमानपत्राच्या स्पर्धेत तिला पहिलं बक्षीस मिळतं, हिरोशिगे या नामांकित जपानी चित्रकाराचं चित्र, संपादक स्वतः ते द्यायला घरी येतात. तोडणीचा हंगाम, माल सडतोय, आणि बायको आत चहा देत बसलीय. बाप शेतातून घरात जातो, चित्र घेऊन बाहेर येतो, कुऱ्हाडीनं फोडतो, रॉकेल ओतून जाळतो. यामामोतो बापाला राक्षस करत नाहीत, त्याला आपण बायकोच्या या जगात कुठेच नाही हे आधीपासून बोचत असतं, तेही दाखवतात.

मग आई रोझीला सांगते की ती या लग्नात कशी आली, जपानमधलं अपुरं राहिलेलं प्रेम, मेलेलं जन्मलेलं मूल, अमेरिकेतल्या बहिणीला जीव द्यायची धमकी देऊन लिहिलेलं पत्र. आणि मुलीचा हात धरून म्हणते, कधी लग्न करणार नाहीस असं वचन दे. रोझीच्या मनात त्या वेळी शेतावर काम करणारा एक मुलगा आहे. ती म्हणते, हो, हो, देते वचन. तेच ‘हो हो’, पहिल्या पानावरचं. आईला ते ओळखू येतं. रोझी रडायला लागते, आई तिला जवळ घेते, पण तिला वाटलं होतं त्यापेक्षा खूप उशिरा.