वाचकांचे प्रश्न : कोळसा, खोडरबर आणि २१६० फोटो

प्रश्न : चित्राचं घडणं आणि मोडणं यावर तीन मिनिटांची प्रायोगिक शॉर्ट फिल्म करतोय. एकाच कागदावर कोळशाने काढायचं, पुसायचं, दर बदलाला एक फोटो. पण फोटो जोडून पाहिले की उजेड लुकलुकतो आणि पुसलेल्या जागी करडे डाग राहतात. काय करू?

उत्तर : लुकलुक घालवा, डाग राहू द्या.

लुकलुकीचं मूळ बहुधा ऑटो एक्सपोजरमध्ये असतं. काळं वाढलं की कॅमेरा चित्र उजळवतो, पुसलं की दाबतो. शटर, आयएसओ (सेन्सरची उजेडाला संवेदनशीलता), व्हाइट बॅलन्स (रंगांचा समतोल), फोकस सगळं मॅन्युअलवर ठेवा. आपली वीज ५० हर्ट्‌झची. स्वस्त एलईडी दिवा सेकंदाला १०० वेळा मंदावतो, म्हणून शटर १/२५ सेकंद किंवा त्याहून संथ हवं. तरीही थरथर उरली तर ती लेन्सची. दर फोटोला अपर्चर, म्हणजे लेन्समधलं उजेडाचं छिद्र, मिटताना केसभर फरक पडतो. ते पूर्ण उघडं ठेवा. खिडक्या झाका, पंखा बंद करा, गडद कपडे घाला. पांढरा शर्ट कागदावर उजेड फेकतो.

डागांचं म्हणाल तर विलो चारकोल, म्हणजे विलो झाडाच्या काड्यांचा कोळसा, वापरा. कॉम्प्रेस्डमध्ये, म्हणजे दाबून केलेल्या कोळशात, चिकट द्रव्य असतं, ते निघत नाही. कागद जाड, ३०० जीएसएमचा (दर चौरस मीटरला ३०० ग्रॅम), चारही कडा टेपने फळीवर पक्क्या. पावसाळ्यात नाहीतर तो फुगतो. मऊ, मळता येणारा खोडरबर दाबून उचला. घासलात तर तंतू उठतात आणि पुढची रेघ फाटते. फिक्सेटिव्ह, म्हणजे कोळसा पक्का करणारा फवारा, अजिबात नको.

एवढं करूनही पुसट सावली राहीलच, आणि तीच तुमची फिल्म आहे. जोहान्सबर्गचे चित्रकार विल्यम केंट्रिज यांनी १९८९पासून याच खुणांवर फिल्म उभ्या केल्या: माणूस पुढे सरकतो, मागे त्याच्या आधीच्या जागा दिसत राहतात. तुमचा विषय याहून नेमका कशाने दिसेल?

सेकंदाला १२ फोटो धरले तर २१६० लागतील. पुसलेलं परत येत नाही, तेव्हा खोडरबर उचलण्याआधी प्रत्येक फोटो मोठा करून तपासा. महत्त्वाच्या चित्रावर तोच फोटो १२ फ्रेम धरून ठेवा, नाहीतर डोळ्यांत भरण्याआधीच ते मोडतं.

प्रश्न : शेवटी कागद जाळला तर?

उत्तर : आमच्या मते नको. पुसण्याने जे हळूहळू साधलं, ते ज्वाळा क्षणात झाकून टाकते. जाळायचाच असेल तर व्हिडिओवर, कोऱ्या कागदाने आधी चाचणी घेऊन. ज्वाळेचा स्वतःचा उजेड असतो, त्यामुळे आधीचं एक्सपोजर पांढरं फटक पडतं. दोन स्टॉप खाली आणा, म्हणजे उजेड चौथाईवर. पाण्याची बादली हाताशी असू द्या.