बँडवाले उत्तरच देत नाहीत

"मॅडम, निळ्या खुणा येतात, पण उत्तर येत नाही." बेळगावात टिळकवाडीतल्या माझ्या समुपदेशनाच्या खोलीत बसल्या बसल्या एका होणाऱ्या नवरीनं फोन माझ्यापुढे धरला. लग्नाला १२ दिवस उरले होते. वरपासून खालपर्यंत सगळे मेसेज तिचेच. बँडवाल्यांचा एकच अंगठा, तोही पहिल्या दिवशीचा. पहिल्या मेसेजात ४१ गाण्यांची यादी, प्रत्येक गाण्यापुढे यूट्यूबची लिंक. मग आठवण, मग विनंती आणि शेवटी रात्री दोन वाजता पाठवलेलं, 'जमत नसेल तर तसं सांगा तरी.'

ती खानापूर तालुक्यातली, पुण्यात नोकरी करणारी. (तिला विचारूनच लिहिते आहे, ओळखीच्या खुणा बदलल्या आहेत.) झोप उडाली होती. होणाऱ्या नवऱ्याशी दोनदा कडाक्याचं भांडण झालं होतं, कारण तो म्हणाला, "बँडच आहे, वाजवतील काहीतरी." घरातले म्हणत होते, लग्न एवढं चांगलं जमलंय आणि ही गाण्यावरून रडतेय.

एप्रिल-मे लागला की अशी तक्रार घेऊन कुणी ना कुणी येतंच. मांडववाला फोन उचलत नाही, आचारी मेनू पक्का करत नाही, बँडवाला गाण्यांचं बोलत नाही. ही तक्रार मी कधीच हलकी मानत नाही. ज्या मुलीच्या लग्नातले बहुतेक निर्णय वडीलधाऱ्यांनी घेतलेले असतात, तिच्या हातात स्वतःचं म्हणून राहिलेलं पुष्कळदा गाणं एवढंच असतं.

मी तिला कागदावर मधोमध रेघ मारायला सांगितली. डावीकडे जे घडलं ते, उजवीकडे त्याचा आपण लावलेला अर्थ. डावीकडे चारच ओळी झाल्या. काकांनी सुपारी दिली. ५ हजार विसार दिला. मी यादी पाठवली. उत्तर नाही. उजवी बाजू मात्र पानाच्या तळाशी पोचली. त्यांनी दुसरी मोठी सुपारी घेतली असेल. आम्ही गावाकडची माणसं म्हणून किंमत नाही. मुलगी बोलतेय म्हणून लक्ष देत नाहीत. आणि सगळ्यात खाली, दोनदा गिरवून लिहिलेलं: मराठी गाणी त्यांना वाजवायचीच नाहीत.

हे शेवटचं तिचं नव्हतं, काकांचं होतं. बँड हुक्केरी तालुक्यातला, मास्तर घरी कन्नड बोलणारे. काका म्हणाले होते, "मुद्दाम करायलेत, दुसरं काय." आपल्या भागात असं वाक्य कुठून येतं ते मला ठाऊक आहे. १९५६ साली भाषेवर राज्यं आखली, बेळगाव तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेलं, आणि तेव्हापासूनचं दुखणं प्रत्येक मराठी घरात आहे. माझ्याही आहे. पण समोरचा गप्प बसला की त्याच्या तोंडी आपण सर्वांत जवळचं, तयार असलेलं कारण घालतो, आणि सीमाभागात ते कारण कायम हाताशी असतं. मी तिला एवढंच विचारलं, "हे डावीकडे लिहिता येईल का?" तिनं मान हलवली. नाही.

मग मी विचारलं, यातलं सगळ्यात महत्त्वाचं गाणं कुठलं? "सगळीच." हा प्रश्न माझा चुकलाच होता. ज्याला आधीच ऐकलं जात नाहीये, तो माणूस यादी कमी कशाला करेल? थोड्या वेळानं वेगळं विचारलं. समज, पूर्ण लग्नात तुझ्या मनातलं एकच वाजणार आहे. तेव्हा तू कुठं उभी असशील?

ती बराच वेळ बोललीच नाही. मग म्हणाली, "अक्षता पडल्यावर. अण्णा असते तर माझ्या मागं उभे असते तिथं."

वडील जाऊन दोन वर्षं झाली होती. गावच्या भजनी मंडळात ते पेटी वाजवायचे आणि एकादशीला एक अभंग ठरलेला म्हणायचे. तो अभंग यादीत होता, पण सतराव्या नंबरावर, दोन सिनेमागीतांच्या मध्ये. मी तिला लिंक लावायला सांगितली. चार ओळी ऐकून तिनंच फोन बंद केला. "ही अण्णांची चाल नव्हे."

सगळा गुंता इथंच होता. ४१ गाण्यांतलं एकच खरं तिचं होतं, आणि त्याची लिंकही चुकीची होती. बँडवाल्यांनी यादीतली सगळी गाणी वाजवली असती तरी ती अक्षतांच्या वेळी रडलीच असती.

आता बँडवाल्यांची बाजू. ही मला पुस्तकात सापडलेली नाही, माझ्याकडे आलेल्या दोन-तीन वादकांच्या घरच्यांकडून कळलेली आहे. हंगामात बँडचा माणूस रात्री वरात संपवून बारा-एकला घरी येतो आणि दुसऱ्या दिवशीच्या अक्षतांसाठी पुन्हा निघतो. बँड सगळा एका गावचा नसतोच, ट्रम्पेट एका गावचा, ढोल दुसऱ्या गावचा. नवीन गाणं बसवायचं तर आधी क्लॅरिनेटवाल्याच्या कानात बसलं पाहिजे, मग बाकीच्यांनी एकत्र येऊन धरलं पाहिजे. कागदावरच्या नोटेशनवर वाजवणारे थोडे, बाकी सगळं कानावर. अशा माणसाला ४१ लिंका पाठवणं म्हणजे त्यानं काय करावं ते न सांगणंच. शिवाय लाउडस्पीकर रात्री १० ते सकाळी ६ बंद ठेवायचा, हे २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत आहे. वरात आठला निघाली तर हातात दोनच तास. त्यात चौकाचौकात थांबायचं, मामालोकांनी नोट दाखवून सांगितलेलं वाजवायचं. ४१ गाणी बसायची कशी?

मी तिला तीन गोष्टी करायला सांगितल्या. मेसेज पाठवणं आजपासून बंद. भिंतीवरच्या कॅलेंडरात मुहूर्त नसलेला दिवस बघायचा आणि त्या दिवशी दुपारी प्रत्यक्ष जायचं. आणि सुपारी ज्यांनी दिली त्या काकांना बरोबर न्यायचं, कारण या धंद्यात ज्याच्या हातून विसार घेतला, त्याचाच शब्द धरतात. नवरीचा नंबर मास्तरांच्या लेखी अनोळखी नंबर असतो. काका तयार होईनात. शेवटी आईच उठली. "मी येते, काकांनाही आणते." तोवर या सगळ्यात आई एक शब्द बोललेली नव्हती.

तिकडे काय झालं ते तिनं नंतर सांगितलं, आणि थोडं मी स्वतः ऐकलंही, कारण तिनं फोनवर रेकॉर्ड केलं होतं. पत्र्याच्या शेडमध्ये बँडचं ऑफिस, खुंटीला लाल कोट टांगलेले. मास्तर क्लॅरिनेटची रीड तोंडात भिजवत बसले होते. यादीचं विचारल्यावर त्यांनी मुलाला हाक मारली. मोबाईल तोच बघतो. मास्तर मराठी आपल्यासारखं बोलतात, पण शाळा कन्नड, त्यामुळे वाचता येतं ते कन्नडच. मुलालाही तेवढंच. इथल्या माणसांना हे नवं नाही. बोलायला दोन्ही भाषा असतात, वाचायला मात्र जी शाळा तीच. तिचा मेसेज इंग्रजी अक्षरांत लिहिलेलं मराठी होतं. त्यांना गाणी आहेत एवढं कळलं, अंगठा पाठवला आणि विषय तिथंच राहिला.

"ताई, लिंक कशाला? गुणगुणा की, मी धरतो," मास्तर म्हणाले.

तिला गुणगुणता येईना. गळा भरून आला. तेव्हा आईनं पदर सावरला आणि जमिनीकडे बघत म्हणायला सुरुवात केली. रेकॉर्डिंगमध्ये पहिली ओळ अगदी बारीक ऐकू येते. मग मास्तर क्लॅरिनेटवर तीच ओळ वाजवतात, जवळजवळ बरोबर. दुसऱ्या ओळीला ते सवयीनं वर चढतात, आणि आईचा आवाज येतो, आता मोठा: "तसं नव्हं. तिथं खाली उतरायचं. हे खालीच म्हणायचे." मास्तर थांबतात. पुन्हा. "हां, आता बघा." चौथ्या वेळेला बसलं. मध्ये कुठंतरी काकाही टाळ्यांनी ठेका धरताना ऐकू येतात.

मग त्यांनी कामाचं बोलून घेतलं. हा अभंग अक्षता पडल्याबरोबर, त्याआधी वाजंत्री नाही. (मंगलाष्टकातच वाजंत्र्यांना गलबला न करण्याची सूचना आहे, ती मास्तरांना पाठ होती.) वरातीसाठी तिनं तीन गाणी सांगितली. मास्तर दोन येतात म्हणाले, तिसऱ्याला नाही म्हणाले, आणि नाही म्हटल्याचं तिला बरंच वाटलं. बाकी वरात त्यांच्यावर सोडली. विसाराच्या पावतीमागं त्यांच्या मुलानं कन्नडात लिहिलं आणि तिनं त्याखाली मराठीत: तारीख, अक्षतांची वेळ, वादक १४, वरात किती ते किती, आणि ही गाणी.

प्रत्येक वेळी इतकं सरळ होतं असं नाही. एकीनं असं सगळं करूनही बँडवाले भेटलेच नाहीत, तेव्हा आम्ही एक दिवस ठरवला, त्या संध्याकाळपर्यंत माणूस समोर आला नाही तर विसार सोडायचा आणि दुसरा बँड धरायचा. त्यांनी तसंच केलं, पैसे बुडाले. दिवस ठरलेला असला की वाट बघणं तरी संपतं. या मुलीसाठीही मी दुसरी सोय करून ठेवायला सांगितली होती: गावचं भजनी मंडळ, टाळ आणि पेटी. ते आनंदानं तयार झाले होते. लग्नात ते पहिल्या रांगेत बसले, म्हणायची वेळ आली नाही.

लग्नानंतर तिचा फोन आला. अक्षता पडल्या, क्लॅरिनेट वाजलं, दुसरी ओळ खाली उतरली. आईनं मागं तिच्या खांद्यावर हात ठेवला होता. वरातीतल्या दोन गाण्यांपैकी एक राहूनच गेलं, मामांच्या फर्माइशीत. ते तिला तिसऱ्या दिवशी आठवलं.

उरलेले पैसे द्यायला काका स्वतः गेले होते. येताना मास्तरांना म्हणून आले, धाकटीचं पुढच्या वैशाखात आहे, तारीख निघाली की सांगतो, दुसऱ्या कुणाची सुपारी घेऊ नका.