माल्मरोसचे सिनेमे मुलीसोबत बघावेत का?

मुलगी आठ वर्षांची आहे आणि निल्स माल्मरोसचं नाव 'डेन्मार्कचा बालचित्रपटवाला' म्हणून कानावर आलंय, तर तिच्यासोबत त्याचा कोणता सिनेमा आधी बघू, असं तुम्ही विचारलंय. सध्या कोणताच नको. त्याच्या सिनेमांत मुलं आहेत, पण ते मुलांसाठी नाहीत. तुम्ही मात्र जरूर बघा, आणि थेट 'ट्री ऑफ नॉलेज'पासून (१९८१) सुरुवात करा.

१९५०च्या दशकातलं ऑरहूस, तिथल्या शाळेतला एक वर्ग. माल्मरोस याच गावचा, जन्म १९४४चा, म्हणजे गोष्ट त्याच्याच पिढीची. एलिन ही वर्गातली सगळ्यांची आवडती, इतरांच्या आधी वयात आलेली. बघता बघता तीच वाळीत पडते. खलनायक असा कोणी नाही. कोण कोणाशेजारी बसलं, नाचायला कोणी कोणाला विचारलं, एवढ्यावर सिनेमा चालतो आणि आपल्या पोटात गोळा येतो.

शूटिंग जवळजवळ दोन वर्षं चाललं. या वयात दोन वर्षांत काय काय होतं ते घरात मुलं असलेल्यांना सांगायला नको. उंची वाढते, आवाज फुटतो, चेहरे बदलतात, आणि ते सगळं पडद्यावर जसंच्या तसं आलंय. महिन्याभरात उरकलं असतं तर सिनेमा निम्माही उरला नसता, असं माझं स्पष्ट मत.

आधीचा 'लार्स-ओले, ५सी' (१९७३) शाळेचाच, तो नंतर सवडीने बघा. 'ऑरहूस बाय नाइट' (१९८९) मात्र चुकवू नका. गावातला नवखा दिग्दर्शक मुलांना घेऊन सिनेमा करतोय आणि कोपनहेगनहून आलेलं मुरलेलं युनिट त्याला जुमानत नाही. माल्मरोसच्याच १९७७च्या 'बॉइज'च्या शूटिंगवर बेतलेला आहे. सिनेमे करता करता हा गडी रीतसर डॉक्टरही झाला (वडील न्यूरोसर्जन). वर्गाकडे बघण्याची ती थंड नजर तिथूनच आली असणार, हा आपला माझा अंदाज.

मुलीसाठी आस्ट्रिड हेनिंग-येन्सेनचा 'पॅले अलोन इन द वर्ल्ड' (१९४९) लावा. जेमतेम अर्ध्या तासाचा. पॅले सकाळी उठतो तर अख्ख्या शहरात चिटपाखरू नाही. मग स्वारी ट्राम चालवते, बँकेतून पैसे उचलते, पण खेळायला जोडीदार कुठून आणणार? पॅलेचं काम आस्ट्रिडच्या स्वतःच्या मुलाने केलंय. एलिनची गाठ मुलीला चौदा-पंधराची झाल्यावर घालून द्या.