बेस की बॅस? एका स्पेलिंगमागचे दोन शब्द

प्रश्न असा आहे: इंग्रजीत बी, ए आणि दोन एस असं स्पेलिंग असलेलं एक विशेषण संगीतात भेटतं आणि माशांच्या नावांतही भेटतं. हा एकच शब्द आहे का? दोन्हीकडे उच्चार तोच का? आणि मराठीत बेस, बॅस, बास यांपैकी काय लिहायचं?

हा एक शब्द नाही. दोन वेगळ्या घरांतले दोन शब्द आहेत आणि त्यांचं स्पेलिंग योगायोगाने जुळलं आहे. संगीतातल्या शब्दाचा उच्चार 'बेस', माशाचा 'बॅस'. विशेषण म्हणावं असा फक्त पहिला. दुसरा मुळात नाम आहे, तो कधीकधी दुसऱ्या नामाच्या आधी येऊन बसतो इतकंच.

संगीतातला बेस उत्तरकालीन लॅटिनमधल्या 'बासुस' या विशेषणापासून आला. अर्थ 'खालचा, ठेंगणा'. फ्रेंचमार्गे तो इंग्रजीत शिरला तेव्हा त्याचं स्पेलिंग बी-ए-एस-ई असंच होतं आणि उच्चारही त्याला साजेसा होता. पुढे युरोपीय संगीताची परिभाषा इटालियन वळणाने गेली. इटालियनमध्ये खालच्या आवाजाला 'बासो' म्हणतात. त्याच्या प्रभावाने इंग्रजांनी स्पेलिंगमध्ये दोन एस घेतले, उच्चार मात्र जुनाच ठेवला. दोन एस दिसत असूनही तोंडाने 'बेस' म्हणायचं, ही विसंगती तिथून आली. त्याच विशेषणाचा जुन्या स्पेलिंगचा भाऊ इंग्रजीत अजून आहे आणि त्याचा अर्थ 'हलका, हीन'. सोन्याचांदीच्या तुलनेत हलक्या समजल्या जाणाऱ्या धातूंना 'बेस मेटल' म्हणतात ते यामुळेच. 'पाया' या अर्थाचा बेस मात्र तिसराच. तो ग्रीक 'बासिस'पासून आला आणि त्याचा या दोघांशी संबंध नाही. 'बेस म्हणजे संगीताचा पाया, म्हणून बेस' हे स्पष्टीकरण बरेच जण देतात. ऐकायला छान आहे, व्युत्पत्ती म्हणून चूक आहे.

माशाचा बॅस अस्सल जर्मानिक. जुन्या इंग्रजीत त्यात 'र' होता आणि मध्ययुगीन इंग्रजीत 'बार्स' असं रूप मिळतं. जर्मनमध्ये अशा माशाला आजही 'बार्श' म्हणतात. मूळ अर्थ राठ केस किंवा काटे यांच्याशी जोडलेला आहे, कारण या माशांच्या पाठीवरच्या पराला टोकदार काटे असतात. 'स'च्या आधीचा 'र' गिळायची इंग्रजीला खोड आहे. 'कर्स'चं बोलीत 'कस' झालं, 'बर्स्ट'चं 'बस्ट' झालं, तसंच 'बार्स'चं 'बॅस'. म्हणजे एका शब्दाने इटालियनकडून एस उसना घेतला, दुसऱ्याने आपला र गमावला आणि दोघे एकाच स्पेलिंगवर येऊन थांबले.

आता विशेषणाचा मुद्दा. संगीतातला बेस हा वर्ग सांगणारं विशेषण आहे. सोप्रानो, आल्टो, टेनर, बेस अशा, गळ्याच्या उंच ते खालच्या आवाजांच्या उतरत्या ओळीतलं एक स्थान तो दाखवतो. म्हणून 'बेस व्हॉइस' चालतं, पण 'व्हेरी बेस व्हॉइस' किंवा तर-तम भावाचं रूप चालत नाही. जोर द्यायचा तर इंग्रज 'डीप बेस व्हॉइस' म्हणतो. 'मोअर बेस' ऐकू येतं, पण तिथे बेस हे नाम आहे: खालच्या स्वरांचं प्रमाण वाढवा, असा अर्थ. आवाजाच्या दर्जाबद्दल बोलायला बोलीभाषेत 'बेसी' असं वेगळं विशेषण आहे आणि ते मात्र 'व्हेरी' घेतं. माशाचा बॅस 'बॅस बोट', 'बॅस फिशिंग' यांत विशेषणासारखा दिसतो. ती नामांची जोडी आहे, 'आंबाबर्फी'तल्या आंब्यासारखी. 'सी बॅस'मध्ये तर तो मुख्य शब्द आहे आणि 'सी' त्याला जोडलेला.

बेस म्हणजे नेमका किती खालचा, हे कशाबद्दल बोलतो आहोत त्यावर ठरतं. गायकाच्या बाबतीत साधारण ८२ हर्ट्झच्या (म्हणजे सेकंदाला ८२ कंपनांच्या) ई स्वरापासून दोन सप्तकं वर, ३३० हर्ट्झच्या ई पर्यंतचा पट्टा धरतात. चार तारांच्या बेस गिटारच्या मोकळ्या, म्हणजे बोटाने न दाबलेल्या, तारा ई, ए, डी, जी. त्यांची कंपनं अनुक्रमे ४१, ५५, ७३ आणि ९८ हर्ट्झच्या आसपास. पाच तारांच्या गिटारमध्ये खाली बी ची तार वाढते, ती सुमारे ३१ हर्ट्झची. आता बेस फ्लूट घ्या. तिचा सर्वांत खालचा स्वर सुमारे १३१ हर्ट्झचा सी, म्हणजे बेस गिटारच्या सर्वांत वरच्या मोकळ्या तारेपेक्षाही उंच. तरी ती बेसच, कारण वाद्याच्या नावातला बेस 'या कुटुंबातला खालच्या आवाजाचा सदस्य' एवढंच सांगतो. नेहमीच्या फ्लूटपेक्षा ती एक सप्तक खाली बोलते. बेस क्लॅरिनेट, बेस ट्रॉम्बोन यांतही हाच अर्थ. बेसच्याही खालचं वाद्य असेल तर नावाच्या आधी 'कॉन्ट्रा' लागतो.

'बेस क्लेफ' हे स्वरलेखनातलं चिन्ह. त्याचे दोन ठिपके खालून चौथ्या रेषेच्या वर आणि खाली असतात. ती रेषा म्हणजे मधल्या सी च्या खालचा एफ, म्हणून त्याला एफ क्लेफही म्हणतात. बेस गिटार आणि डबल बेस यांचं संगीत याच चिन्हात लिहितात, पण ऐकू येतं लिहिल्यापेक्षा एक सप्तक खाली. नोटेशनवरून कंपनसंख्या काढणारे इथे हमखास दुपटीने चुकतात.

मराठी प्रतिशब्दांत जरा रेंगाळायला हवं, कारण भाषांतरं बिघडतात ती इथेच. 'बेस'साठी 'मंद्र', म्हणजे आपल्या संगीतातल्या खालच्या सप्तकाचा शब्द, घ्यावा असं सुचवलं जातं. अर्थाने तो जवळचा आहे, पण मोजमाप वेगळं. आपलं मंद्र सप्तक गाणाऱ्याच्या षड्जावर, म्हणजे 'सा'वर ठरतं. पेटीच्या काळी एक पट्टीत गाणाऱ्या पुरुषाचा मध्य षड्ज सुमारे १३९ हर्ट्झ, म्हणजे त्याचा मंद्र षड्ज ६९ हर्ट्झ. काळी चारमध्ये गाणाऱ्या स्त्रीचा मध्य षड्ज सुमारे २०८ आणि मंद्र १०४. तिचा मंद्र षड्ज त्याच्या मंद्र षड्जाहून बराच उंच आहे आणि तरीही दोन्ही मंद्रच. युरोपीय बेस आवाज हा गळ्याच्या जातीचा प्रकार आहे आणि गाणं कोणत्याही पट्टीत असलं तरी तो बदलत नाही. म्हणून 'बेस सिंगर'ला 'मंद्र गायक' म्हटलं तर फक्त मंद्र सप्तकात गाणारा कुणी डोळ्यांपुढे येतो. 'खर्जाच्या आवाजाचा गायक' हे अधिक बरोबर. ऑपेराबद्दल लिहीत असाल तर सरळ 'बेस गायक' लिहावं, वाचकाला कळतं.

कथेतल्या पात्राचा 'डीप बेस व्हॉइस' असेल तर 'खर्जातला आवाज' किंवा 'ढाला आवाज' हे उत्तम. ढाला हा गाण्याच्या वर्तुळातला शब्द आहे आणि हल्ली तो फारसा वापरत नाहीत, ही खंत वाटण्याजोगी गोष्ट. 'जाड आवाज' बोलण्यात चालतो. 'भरदार' आवाजाचं भरलेपण सांगतो, खालची पट्टी नाही. भरदार आवाज टेनरचाही असतो. 'घोगरा' अजिबात नको, कारण त्यात घशाची खरखर आली. आणि 'बसका' तर मुळीच नको. बेस आणि बसका कानाला जवळचे वाटतात खरे, पण बसका आवाज म्हणजे घसा बसलेल्याचा.

ध्वनियंत्रणेच्या संदर्भात 'बेस' साधारण २० ते २५० हर्ट्झच्या पट्ट्याला म्हणतात आणि मराठीत तो शब्द आता पूर्ण रुळला आहे. 'बेस कमी कर' याला प्रतिशब्द शोधायची गरज नाही. प्रशंसेने 'बेसी' म्हटलं असेल तर 'घुमारेदार' लिहावं, डग्ग्याच्या घुमाऱ्यामुळे तो शब्द कानात बसलेला आहेच. तक्रारीच्या सुरात 'बूमी' म्हटलं असेल तर 'आवाज घुमतोय'. तांत्रिक मजकुराचं भाषांतर करताना 'बेस बूस्ट' म्हणजे 'आवाज मोठा करणे' असं करू नये. ती वाढ फक्त खालच्या पट्ट्यात होते. १० डेसिबलच्या वाढीला त्या पट्ट्यात दहापट शक्ती लागते, ॲम्प्लिफायरची क्षमता संपते आणि आवाज फाटतो. मूळ मजकुरात असा इशारा असला तर तो भाषांतरात गळता कामा नये.

माशांकडे वळू. 'बॅस' हे शास्त्रीय गटाचं नाव नाही. युरोपियन सी बॅस आणि अमेरिकेतला स्ट्राइप्ड बॅस एका कुळातले. गोड्या पाण्यातला लार्जमाउथ बॅस सनफिशच्या कुळातला. 'चिलियन सी बॅस' तर बॅसच नाही. तो दक्षिणेकडच्या थंड समुद्रातला पॅटागोनियन टूथफिश, त्याला हे विकाऊ नाव १९७७मध्ये अमेरिकेतल्या एका आयातदाराने दिलं. 'एशियन सी बॅस' किंवा बारामुंडी म्हणजे आपला जिताडा, शास्त्रीय नाव लेटीस कॅल्कॅरिफर. इथे मराठीत नेमका शब्द आहे, तो वापरावा. पण म्हणून कुठल्याही 'सी बॅस'चा जिताडा करून टाकू नये. भूमध्य समुद्राकाठच्या गोष्टीत जिताडा पोहत नाही, तिथे 'सी बॅस' असंच लिहावं. अनेकवचनही पाहून घ्या: एकाच जातीचे दहा मासे असले तरी इंग्रजीत 'बॅस'च, वेगवेगळ्या जाती सांगायच्या असतील तर 'बॅसेस'. गायकांचं आणि वाद्यांचं मात्र नेहमी 'बेसेस'.

वाक्यात उच्चार कसा ठरवायचा? पुढच्या नामावरून. क्लेफ, गिटार, नोट, प्लेअर आले की बेस. बोट, लेक, रॉड, आमिष आले की बॅस. पण काही जोड्या दगा देतात. 'लाइन' स्वरांची ओळही असते आणि गळाची दोरीही. 'स्केल' म्हणजे स्वरसप्तक किंवा माशाचे खवले, आणि गंमत म्हणजे तेही दोन वेगळे शब्द आहेत, एक लॅटिन शिडीपासून आलेला, दुसरा जुन्या फ्रेंचमधल्या टरफलापासून. 'ड्रम' हेही एका मत्स्यकुळाचं नाव आहे, कारण ते मासे हवेच्या पिशवीने ढोलासारखा आवाज काढतात. त्यांतल्या 'रेड ड्रम'चं एक प्रचलित नाव 'चॅनल बॅस'. ज्या कुळात हा सगळा गोंधळ आहे, त्यातल्याच एका माशाला मराठीत घोळ म्हणतात. अशा ठिकाणी एका शब्दावरून ठरत नाही, आधीचं-पुढचं वाक्य पाहावं लागतं.

आणखी एक बॅस आहे. 'बॅसवूड' हे लिंडेनच्या जातीच्या झाडाचं लाकूड. यातला बॅस 'बास्ट' म्हणजे सालीच्या आतला धागा, या शब्दाचा अपभ्रंश. हलकं आणि कोरायला मऊ असल्याने इलेक्ट्रिक गिटारची अंगं त्याची करतात. त्यामुळे 'बॅसवूडची बेस गिटार' हे अगदी खरं वाक्य आहे आणि वाद्यांच्या माहितीपत्रकांत निवेदक इथे हमखास अडखळतात. ऑस्ट्रेलिया आणि टास्मानिया यांच्या मधली बॅस सामुद्रधुनी जॉर्ज बॅस या संशोधकाच्या नावाची, तिथेही 'बॅस'. ठेंगण्या पायांचा 'बॅसेट हाउंड' अर्थाने 'खालचा' या बासुसच्या घरातला, उच्चाराने मात्र माशासारखा. त्याच घरातलं बॅसून हे वाद्य इंग्रजी उच्चाराप्रमाणे देवनागरीत 'बसून' असं लिहावं लागेल. वादक बहुधा बसूनच वाजवतो हे खरं, तरी 'बसून वादन' हे वाचकावर सोडू नये. 'बॅसून'च ठेवावं.

शेवटी लेखन. देवनागरीत मराठीकडे 'ॲ' असल्याने हा भेद आपल्याला सहज दाखवता येतो, तो दाखवावा. संगीतात 'बेस', माशात 'बॅस'. 'बास गिटार' हे रूपही छापलेलं दिसतं, ते टाळावं. उच्चार तसा नाही आणि मराठी वाचकाला 'बास' म्हणजे 'पुरे'. 'बेस'ची अडचण अशी की पायाचा बेस आणि हा बेस देवनागरीत एकच दिसतात. 'बेसलाइन' म्हणजे गाण्यातली खालच्या स्वरांची ओळ की तपासणीआधीची मूळ नोंद, हे लेखनावरून कळणार नाही. इंग्रजीतही ऐकताना कळत नाही. संदिग्धता टोचत असेल तिथे 'बेस गिटारची ओळ' असं फोडून लिहावं. आणि 'तो बेस गातो' हे वाक्य शक्यतो लिहूच नये. बोलीत बेस म्हणजे छान, तेव्हा वाचक त्याचं कौतुक करून पुढे जाईल.