चौकटीतले दोन

"मॅडम, याला डिस्कॅल्क्युलिया, ते आकडे समजण्यातच अडचण असते ते, तर नसेल ना?" सहावीतल्या ओंकारच्या (नाव बदललं आहे) आईने बसायच्या आधीच विचारलं. हातात घटक चाचणीचा पेपर. अपूर्णांकांची पाचही गणितं चुकलेली.

एक गणित होतं □ + १/४ = ५/६. ओंकारने चौकटीत ४/२ लिहिलेलं. पाचातून एक गेला, सहातून चार गेले. बाकीचीही तशीच: वरचं वर, खालचं खाली. इतक्या शिस्तीत चुकणारं मूल दिसलं की मला बरं वाटतं. त्याच्यापाशी नियम असतो, फक्त भलताच. सुटे पैसे, घड्याळ, पाढे विचारून पाहिले, सगळं चोख. निदानाच्या वाटेला जायचं कारण दिसेना.

"४/२ म्हणजे किती रे?"

"दोन."

"मी पाव भाकरी आणली, तू दोन आणल्यास. मग डब्यात एक अख्खी भाकरीसुद्धा का नाही?"

त्याने आधी आईकडे पाहिलं, मग पेपरकडे, आणि मग हसला. ते आईकडे पाहणं मी लक्षात ठेवलं.

बारा चौकोनांची कागदी पट्टी काढली. बाराच का? चार आणि सहा, दोघांच्या पाढ्यात पहिल्यांदा बाराच भेटतो. 'लसावि' त्याला पाठ होता, तो कशाला काढायचा हे मात्र कुणी दाखवलं नव्हतं. ५/६ म्हणजे दहा चौकोन त्याने रंगवले, पावाचे तीन हाताने झाकले. उरले सात. ७/१२.

"छेद समान कर, हेच मी रोज सांगते!" आई म्हणाल्या. सांगत होत्याच, पण खोडरबर त्यांच्या हातात असायचा. अर्धी पायरी लिहून होते न होते तोच ती पुसली जायची. मी एवढंच म्हटलं, खोडरबर आत ठेवा, आणि उत्तर आलं की फक्त विचारा, "हे एकापेक्षा मोठं की लहान?"

तीन आठवड्यांनी दोघं आली. या खेपेला गणित ओंकारने आईला घातलं होतं: □ − १/३ = १/२. वजाबाकीचं चिन्ह पाहून आई जरा अडल्या.

"मिळवायचं ना रे?"

"सहा चौकोनांची पट्टी घे," तो म्हणाला. "दोन काढले, तीन उरले. आधी किती होते?"

"पाच. ५/६."

"आता ताळा कर."